शर्ली : अर्थ एक, माणसे वेगवेगळी

प्रश्न असा आला आहे : सासूबाईंचे नाव शर्ली, जन्म १९४४ चा, वसईचा. घरात नात झाली आहे आणि तिला आजीचे नाव ठेवायचे घाटते आहे. इंटरनेटवर कुठे या नावाचा अर्थ ‘उजळ कुरण’ दिला आहे, तर कुठे हे मुळात इंग्रज पुरुषांचे आडनाव होते असे म्हटले आहे. त्यात एका नातेवाइकांनी शंका काढली की शर्ली नावाची संतच नाही, मग बाप्तिस्म्याला हे नाव चालेल कसे? यातले खरे काय?

तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण १९४४ साली वसईत एका मुलीला हे नाव का मिळाले, ते या तिन्हींपैकी एकीवरूनही कळत नाही. जुनी बाप्तिस्मा-पुस्तके वाचून वंशावळी जुळवण्याचे काम मी बरीच वर्षे करतो आहे. लोक पहिल्यांदा नावाचा अर्थ विचारतात. मी पहिल्यांदा जन्मसाल विचारतो, कारण शर्लीसारख्या नावाच्या बाबतीत शब्दकोशातल्या अर्थापेक्षा सालच जास्त बोलते.

तरी अर्थापासूनच सुरुवात करू. शर्ली हे आधी गावाचे नाव आहे, आणि तेही एका गावाचे नव्हे. डर्बीशायरमध्ये एक शर्ली आहे, साउदॅम्प्टनचे एक उपनगर शर्ली आहे, लंडनच्या दक्षिणेला क्रॉयडनमध्ये एक आणि बर्मिंगहॅमजवळ सॉलिहलमध्ये एक. नावाचा शेवटचा भाग ‘ली’ हा जुन्या इंग्रजीतल्या ‘लेआ’ या शब्दाचा अवशेष. त्याचा अर्थ आधी रान, मग रान तोडून मोकळी केलेली जागा आणि पुढे चराऊ कुरण. स्टॅन्ली, ॲश्ली, ब्रॅडली, वेस्ली या सगळ्यांच्या शेपटीला हीच ‘ली’ आहे. स्टॅन्ली म्हणजे दगडांची मोकळी जागा, ॲश्ली म्हणजे ॲश झाडांची. शर्लीतला पहिला भाग मात्र जरा अडवणारा आहे. जुन्या इंग्रजीत ‘शीर’ असे विशेषण होते, अर्थ उजळ, स्वच्छ. आणि ‘शीर’ असेच नामही होते, अर्थ जिल्हा. यॉर्कशायर, डर्बीशायर यांतले ‘शायर’ ते हेच. म्हणून शर्ली हे कुठे उजेडाची मोकळी जागा असेल, तर कुठे जिल्ह्याच्या मालकीचे किंवा जिल्ह्याची सभा भरायची ते रान. चार शर्लींचा उगम एकच असला पाहिजे असेही नाही. नावांच्या यादीत ‘उजळ कुरण’ एवढेच छापतात, कारण बाळाच्या नावाखाली ‘जिल्हा सभेचे मैदान’ कोण छापणार?

गावाचे आडनाव झाले ते डर्बीशायरच्या शर्लीमुळे. १०८६ साली विल्यम राजाने देशभरातल्या जमिनींची जी मोजणी लिहवून घेतली, तिच्यात हे गाव आहे. ते आणि वॉरिकशायरमधले एटिंग्टन ही दोन्ही हेन्री द फेरर्स या नॉर्मन सरदाराकडे होती. एटिंग्टनची जमीन त्याच्या हाताखाली सासवालो नावाच्या माणसाकडे होती. त्याच्या वंशजांनी पुढे डर्बीशायरच्या गावावरून शर्ली हे आडनाव घेतले. १०८६ च्या मोजणीतली जमीन पुरुष वंशात आजवर टिकवून ठेवणारी जी मोजकी घराणी इंग्लंडमध्ये आहेत, त्यांत हे घराणे मोडते.

घराणे जुने, त्यामुळे त्यात सगळ्या प्रकारची माणसे निघाली. ससेक्सच्या शाखेतले अँथनी आणि रॉबर्ट हे भाऊ १५९८ च्या सुमारास इराणात शाह अब्बासच्या दरबारी पोचले. रॉबर्ट तिथेच रमला, शाहचा वकील होऊन युरोपभर फिरला, जहांगीर बादशहाच्या दरबारातही जाऊन आला. सर रॉबर्ट शर्ली म्हणून दुसरा एक होता. त्याने १६५३ साली, राजाचा शिरच्छेद होऊन देशात प्युरिटनांचे, म्हणजे कडव्या प्रॉटेस्टंटांचे, राज्य असताना, लेस्टरशायरमध्ये स्वतःच्या वाड्याशेजारी जुन्या थाटाचे चर्च बांधायला घेतले आणि १६५६ मध्ये लंडनच्या टॉवरमध्ये कैदेत मेला. पुढे घराण्याला अर्ल फेरर्स ही पदवी मिळाली. चौथा अर्ल लॉरेन्स शर्ली याने स्वतःच्या कारभाऱ्याला गोळी घातली आणि १७६० मध्ये त्याला टायबर्नला फाशी दिले. इंग्लंडमध्ये फासावर गेलेला तो शेवटचा उमराव. ‘शर्ली’ म्हटल्यावर त्या काळच्या इंग्रजाच्या डोळ्यांपुढे हे सगळे येत असे. गोड चेहऱ्याची मुलगी येत नसे.

आडनाव पाळण्यात कसे गेले, हा भाग आपल्याकडच्या वाचकाला सगळ्यात विचित्र वाटतो. उद्या कोणी मुलाच्या कानात ‘चिपळूणकर’ असे नाव सांगितले तर बारशाला जमलेल्या बायका एकमेकींकडे बघतील. इंग्लंडमध्ये हे सोळाव्या शतकात सुरू झाले आणि तेव्हा तिथेही भुवया उंचावल्याच होत्या. विल्यम कॅम्डन या इतिहासकाराने १६०५ साली नोंदवून ठेवले आहे की, आडनावे बाप्तिस्म्याची नावे म्हणून देण्याची रीत ख्रिस्ती जगात फक्त इंग्लंडमध्ये आहे आणि ती सहाव्या एडवर्डच्या काळापासूनची, म्हणजे १५४७ ते १५५३ च्या सुमाराची आहे. धर्मपित्यांनी आपलेच आडनाव मुलाला द्यायला सुरुवात केली, असे त्याचे म्हणणे.

त्याच काळातले एक उदाहरण ठसठशीत आहे. नऊ दिवसांची राणी म्हणून जी ओळखली जाते, त्या लेडी जेन ग्रेचा नवरा गिल्डफर्ड डडली. गिल्डफर्ड हे त्याच्या आईचे माहेरचे आडनाव. १५५४ मध्ये नवराबायको दोघांचाही शिरच्छेद झाला, पण रीत टिकली. कारणे सरळ आहेत. लग्नानंतर बाईचे आडनाव पुसले जाई. तिच्या माहेरी मुलगा नसेल तर घराण्याचे नाव तिथेच संपे. जमीनजुमला मात्र तिच्याबरोबर सासरी आलेला असे. मग थोरल्या किंवा दुसऱ्या मुलाला आजोळचे आडनाव पहिले नाव म्हणून दिले की दोन्ही घरांचा मान राहिला आणि आजोबाही खूश. पहिला अर्ल ऑफ शाफ्ट्सबरी अँथनी ॲश्ली कूपर याच्या नावात आईच्या बापाचे, सर अँथनी ॲश्लीचे, आख्खे नाव बसलेले दिसते. शिवाय धर्मसुधारणेनंतर प्रॉटेस्टंट घरांत संतांची नावे ठेवण्याचा आग्रह सैलावला होता, त्यामुळे जागा मोकळी होती. कॅथलिक देशांत ती नव्हती, म्हणून ही रीत तिकडे तशी रुजली नाही.

सुरुवातीला यात मुलगा-मुलगी असा कडक भेदही नव्हता. पहिल्या एलिझाबेथ राणीच्या दरबारातली एक सरदारीण डग्लस शेफील्ड नावाची होती. आज डग्लस नावाची बाई कोणी ऐकली आहे का? ते नाव पुढे पुरुषांकडे गेले. उलट दिशेने गेलेली नावे मात्र कितीतरी अधिक आहेत. एकदा एखादे नाव मुलींना मिळायला लागले की मुलांचे आईबाप ते सोडून देतात आणि मग ते सहसा परत येत नाही. शर्ली घराण्याचा इतिहास एकोणिसाव्या शतकात ज्या गृहस्थांनी लिहिला, त्यांचे नाव एव्हलिन फिलिप शर्ली. पुरुष गृहस्थ, बरे का. एव्हलिन हेही आधी आडनावच, आणि आज ते मुलींचे नाव. बिचाऱ्यांच्या नावाचे दोन्ही टोकांचे शब्द बायकांकडे गेले, मधला फिलिप तेवढा राहिला.

शर्ली या नावाचे पारडे फिरवले ते एका कादंबरीने. हे नाव घेतल्याशिवाय पुढे जाताच येत नाही म्हणून सांगतो : शार्लट ब्राँटीची ‘शर्ली’, प्रकाशन १८४९. कथा १८११-१२ ची, यॉर्कशायरच्या वेस्ट रायडिंगमधली, लोकरीच्या गिरण्यांत नवी यंत्रे आली तेव्हा कामगारांनी ती फोडायला सुरुवात केली त्या दिवसांतली. नायिका शर्ली कील्डार ही तरुण, श्रीमंत, जमीनदारीण. तिच्या नावाचा खुलासा लेखिकेने कथेतच केला आहे. आईबापांना मुलगा हवा होता, झाली मुलगी, तेव्हा मुलासाठी ठरवलेले घराण्यातले पुरुषी नाव तिलाच देऊन टाकले. म्हणजे १८४९ च्या वाचकाला हे नाव बाईच्या अंगावर पुरुषाचा कोट घातल्यासारखे वाटावे अशीच योजना होती. शर्लीही स्वतःला गमतीने जमीनदार बाप्या म्हणवून घेते, गिरणीच्या व्यवहारात लक्ष घालते, शस्त्र जवळ बाळगते.

मला या प्रकरणात आणखी एक गोष्ट फार आवडते. ब्राँटी बहिणींनी आपली पुस्तके करर, एलिस आणि ॲक्टन बेल या नावांनी छापली होती. ही तिन्ही पहिली नावेही मुळात आडनावेच आहेत. बायका आहोत हे सांगायचे नव्हते, आणि सरळसरळ पुरुषाचे नाव घेणे मनाला पटत नव्हते, म्हणून ही मधली वाट निवडली, असे शार्लटने पुढे लिहिले आहे. ज्या बाईने स्वतः आडनावाच्या आडोशाने लिहिले, तिनेच नायिकेलाही आडनाव दिले. ही कादंबरी लिहिली जात असताना सप्टेंबर १८४८ ते मे १८४९ या काळात तिचा भाऊ ब्रॅनवेल आणि एमिली व ॲन या बहिणी, तिघेही गेले. शर्लीचे पात्र एमिलीवरून घेतल्याचे शार्लटने आपली चरित्रकार मिसेस गॅस्केल यांना सांगितले होते. म्हणून हे नाव ज्या मुलींना त्या पुस्तकावरून मिळाले, त्यांच्यापर्यंत एमिली ब्राँटीची थोडीशी सावली पोचली, असे मी मानतो. पुरावा मागू नका, हा माझा लळा आहे.

पुस्तक आले आणि दुसऱ्या दिवशी नाव बायकांचे झाले, असे मात्र घडले नाही. नावे इतक्या झटपट सरकत नाहीत. ‘पंच’ या व्यंगसाप्ताहिकाचे संपादक शर्ली ब्रुक्स हे पुरुष होते आणि १८७४ पर्यंत हयात होते. अमेरिकेत ‘वॉशिंग्टन पोस्ट’चे क्रीडा-स्तंभलेखक शर्ली पोविच १९०५ साली जन्मले. पुढे नामवंत झाल्यावर अमेरिकेतल्या कर्तबगार महिलांच्या परिचयकोशात त्यांचे नाव छापून आले. विवाहित, मुलेबाळे असलेला गृहस्थ! आणि सगळ्यात वजनदार उदाहरण यॉर्कशायरच्याच हॅलिफॅक्स गावचे. टीव्हीवरच्या कुस्त्यांमुळे सगळ्या ब्रिटनला माहीत असलेला बिग डॅडी नावाचा अवाढव्य पैलवान, छाती ६४ इंच. त्याचे खरे नाव शर्ली क्रॅबट्री, जन्म १९३०. त्याच्या बापाचे नावही शर्लीच. आखाड्यात त्याने दुसरे नाव का घेतले, हे विचारायची गरज नाही.

१९०० नंतर अमेरिकेत मुलींमध्ये शर्ली हळूहळू चढत होते. लेखिका शर्ली जॅक्सन १९१६ ची, अमेरिकन प्रतिनिधीगृहात निवडून गेलेली पहिली कृष्णवर्णीय महिला शर्ली चिजम १९२४ ची. या दोघींची नावे ठेवली गेली तेव्हा ती बालनटी जन्मलीही नव्हती, जिला सगळे श्रेय दिले जाते.

ती म्हणजे शर्ली टेंपल, जन्म १९२८. १९३४ मध्ये तिचे सिनेमे धडाक्याने चालू लागले आणि १९३५ ते १९३८ अशी सलग चार वर्षे तिकीटबारीवर ती अमेरिकेतली पहिल्या क्रमांकाची तारका होती. वय सात ते दहा! महामंदीचे दिवस होते, लोकांच्या हाताला काम नव्हते, आणि पडद्यावर कुरळ्या केसांची ही पोर नाचत होती. १९३५ साली अमेरिकेत जन्मलेल्या ४०,००० हून अधिक मुलींना शर्ली नाव मिळाले आणि मेरीच्या खालोखाल ते दुसऱ्या क्रमांकावर पोचले. या लाटेनंतर पुरुष शर्ली उरले ते फक्त म्हातारे. लाट ओसरल्यावर मुलींतही ते मागे पडत गेले, आणि म्हणून आज ब्रिटन-अमेरिकेत शर्ली म्हटले की आजीच्या वयाची बाई डोळ्यांपुढे येते.

आता वसई. आपल्याकडे हे नाव माहेरच्या आडनावाच्या रीतीने आलेले नाही. वसई, मुंबई किंवा गोव्यातल्या कुठल्याच ख्रिस्ती घराण्यात आजोळचे आडनाव शर्ली नव्हते. इथली जुनी बाप्तिस्मा-पुस्तके उघडली की मारिया, आना, रोझा, जुझे, पेद्रू, फ्रान्सिस अशी पोर्तुगीज वळणाची संतनावे पानोपानी भेटतात. मुंबईतल्या इंग्रजी शाळा, रेल्वे, गोदी आणि कचेऱ्यांतल्या नोकऱ्या, आणि इंग्रजी सिनेमा यांबरोबर स्टॅन्ली, विल्फ्रेड, शर्ली, डोरीन ही नावे घरात शिरली. तयार, शिवलेले कपडे घ्यावेत तशी ती घेतली गेली, कापड कुठल्या गिरणीचे हे कोणी पाहिले नाही. शर्ली टेंपलचे वारे तेव्हा हिंदुस्थानभर होते. १९३७ च्या ‘बालयोगिनी’ या तमिळ चित्रपटातल्या बेबी सरोजाला लोक ‘भारताची शर्ली टेंपल’ म्हणत. केरळच्या ख्रिस्ती घरांतही शर्ली भरपूर सापडतात.

१९४४ ची जन्मतारीख या लाटेत चपखल बसते. तुमच्या सासूबाईंच्या आईवडिलांनी नेमका सिनेमा पाहिला होता, शेजारच्या कोणा मुलीचे नाव आवडले होते, की शाळेतल्या शिक्षिकेचे, ते घरातल्या वडीलधाऱ्यांनाच विचारावे लागेल. नावाचे खरे कारण बहुधा अशाच एखाद्या वाक्यात असते, आणि ते वाक्य कुठल्याही पुस्तकात नसते. सासूबाई सांगू शकत असतील तर आजच विचारा आणि लिहून ठेवा.

संतांच्या शंकेबद्दल. शर्ली नावाची संत नाही, हे तुमच्या नातेवाइकांचे म्हणणे बरोबर. पण त्यावरचा तोडगाही कॅथलिक चर्चच्या जुन्या नियमातच होता. १९१७ च्या कायदासंहितेतला ७६१ वा नियम सांगतो की, मुलाला ख्रिस्ती नाव दिले जाईल हे धर्मगुरूंनी पाहावे, आणि आईबाप ऐकत नसतील तर त्यांनी ठेवलेल्या नावाला एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नावे पुस्तकात लिहावीत. म्हणून १९४४ च्या नोंदीत ‘मारिया शर्ली’ किंवा ‘शर्ली ॲन’ असे काहीतरी सापडण्याची चांगली शक्यता आहे. मी पाहिलेल्या नोंदींत अशी जोडनावे नेहमीची आहेत. घरात कोणाला माहीतही नसते, कारण शाळेच्या दाखल्यावर एकच नाव चढते. १९८३ च्या नव्या संहितेत नियम आणखी सैल झाला. ८५५ वा नियम एवढेच म्हणतो की ख्रिस्ती भावनेशी विसंगत असे नाव देऊ नये. शर्लीत विसंगत काही नाही. नातीच्या बाप्तिस्म्याला अडचण येण्याचे कारण दिसत नाही. मनाला बरे वाटावे म्हणून जोडीला एखादे संतनाव द्या.

‘पुरुषाचे नाव’ म्हणून घाबरण्याचेही कारण नाही. आज जन्मणाऱ्या मुलीला शर्ली म्हटले तर जगात कुठेही तिला कोणी मुलगा समजणार नाही. ही अडचण ॲश्लीच्या बाबतीत मात्र खरी आहे. गोवा-मुंबईकडे ॲश्ली म्हटले की मुलगा, ब्रिटनमध्ये दोन्ही, आणि अमेरिकेत १९९१ व १९९२ साली तेच मुलींचे पहिल्या क्रमांकाचे नाव होते. आपल्याकडचे ॲश्ली नावाचे तरुण अमेरिकेला गेले की त्यांना पत्रे ‘मिस’ म्हणून येतात. शर्लीचा निकाल लागून आता नव्वद वर्षे होत आली.

माझे मत विचाराल तर नाव ठेवा. पण नातीला पुढे अर्थ सांगताना ‘उजळ कुरण’ एवढ्यावर भागवू नका. ‘हे तुझ्या आजीचे नाव आहे’ हा अर्थ पहिला. कुरणाशी तिचा काही संबंध नाही.

वंशावळीसाठी मात्र स्पेलिंगकडे लक्ष द्या. इंग्रजी उच्चार ‘शर्ली’च्या जवळचा, पण लिहिताना ‘आय’ येतो म्हणून मराठी कागदांवर ‘शिर्ली’ सापडते, आणि ‘शेर्ली’ही. रोमन लिपीत ‘आय’च्या जागी ‘ई’ घालून लिहिलेले रूपही सर्रास मिळते. इराणला गेलेल्या त्या भावांचे आडनावही असेच लिहिलेले आढळते. रेशनकार्ड, शाळेचा दाखला, लग्नाची नोंद, बाप्तिस्मा-पुस्तक असे चारही कागद पाहा आणि प्रत्येकातले रूप जसेच्या तसे उतरवून घ्या, सुधारू नका. आणि शोधताना वांद्र्याचा ‘शर्ली राजन रोड’ समोर आला तर त्यात अडकू नका. शेर्ली आणि राजन ही वांद्र्याची दोन जुनी गावठाणे, रस्ता त्यांच्या नावाचा. कोणी शर्लीबाई आणि राजनराव तिथे राहत नव्हते.